संकल्पातला काळ

रेणापूरला रेणुकादेवीच्या देवळात संकल्प सोडताना माझी जीभ दर वेळी अडखळते. भटजी सांगतात तसे म्हणत जायचे: ब्रह्मदेवाच्या आयुष्याचा उत्तरार्ध, श्वेतवाराह कल्प, सातवे मन्वंतर, अठ्ठाविसावे कलियुग, त्याचा पहिला चरण. मग शक, तिथी, वार. शेवटी माझे गोत्र आणि नाव. ज्यावर माझा विश्वास नाही, ते मी हातात पाणी घेऊन तारखेसारखे सांगतो. हे खोटे बोलणे नव्हे काय?

हिशेब मात्र चोख आहे. कलियुग 4,32,000 वर्षांचे, महायुग त्याच्या दसपट, हजार महायुगांचा एक कल्प. कल्पात मन्वंतरे चौदा, प्रत्येक एकाहत्तर महायुगांचे. म्हणजे भरतात 994. सहा कमी पडतात! सूर्यसिद्धान्ताने तिथे कृतयुगाएवढे पंधरा संधिकाळ बसवले आणि हजार पुरे केले. कोणी न पाहिलेल्या काळातली तूट एवढ्या निष्ठेने भरणाऱ्याला लबाड म्हणवत नाही. अर्थात खोट्या जमाखर्चाचीही बेरीज जुळते, हेही खरे.

निजामाच्या राज्यात इथल्या महसुली कागदांवर फसली सन पडे. तोही माणसांनीच ठरवलेला. पण त्यावर शेतसारा वसूल होई. ब्रह्मदेवाच्या वर्षाने, दक्षिणा सोडली तर, कोणाकडे काही मागितलेले नाही.

अडखळणे माझे अजून सुटलेले नाही. फक्त जागा बदलली आहे. कल्प, मन्वंतर, कलियुग मी आता सरळ म्हणून जातो. पुढे ‘करीन’ म्हणून पाणी सोडायचे असते, तिथे थांबतो.