आजचे चिंतन : गीता, अध्याय ६, श्लोक १६-१७



गेले तीन आठवडे रिलीजच्या नावाखाली मी रात्री दोनला झोपतोय, आणि सकाळी पुन्हा भाईंदरहून चर्चगेट लोकल. काल आईने गोळ्यांचं तिसऱ्यांदा विचारलं आणि मी ओरडलो. मग म्हटलं, "झोप झाली नाही गं." आई एवढंच म्हणाली, "मग झोपत जा ना."

झोप न होणं हे कारण, की नुसती सबब?

१९६४ साली अमेरिकेतला १७ वर्षांचा रँडी गार्डनर सुमारे २६४ तास जागा राहिला. चिडचिड, विसराळूपणा, भास, सगळं झालं. म्हणजे न झोपलेल्या मेंदूला राग आवरत नाही, हे खरंच.

पण गंमत बघा. अर्जुनाचं नाव गुडाकेश, निद्रेला जिंकणारा. त्यालाच भगवंत सांगतात की अति झोपणाऱ्याला योग साधत नाही, तसा सतत जागणाऱ्यालाही नाही. आपलं एकादशीचं जागरणसुद्धा एकाच रात्रीचं असतं.

माझं काम बाराला संपतं. पुढचे दोन तास मोबाईलचे. ओरडताना ताबा नव्हता, पण बारा वाजता होता. चूक तिथली.

आजपासून बाराला फोन बाहेरच्या खोलीत.

॥ श्रीकृष्णार्पणमस्तु ॥