पुसणे आणि सोडणे

आयुष्य पुन्हा पहिल्यापासून जगायला मिळाले तर काय करू, हा प्रश्न प्रत्येकाने कधी ना कधी मनाशी घोळवलेला असतो. अमुक शब्द तोंडातून काढला नसता, तमुक माणसाला दुखावले नसते, ती एक वाट धरलीच नसती. पण हा सगळा मनाचा खेळ. गेलेला दिवस परत येत नाही, म्हणून खरे उत्तर देण्याची वेळ आपल्यावर कधी येत नाही. आणि वेळ येत नाही म्हणून आपण मोठ्या उदारपणाने उत्तर देतो.

आता मात्र घरोघरी मुलांच्या हातात अशी एक वस्तू आली आहे, की तिच्यात हा प्रश्न खराच उभा राहतो. व्हिडिओ गेम म्हणतात तिला. तीस-चाळीस तास खेळून झालेला, जपून ठेवलेला खेळ मुलगा एके दिवशी आपल्याच हाताने पुसतो आणि पहिल्या पायरीवर जाऊन उभा राहतो. आई म्हणते, "अरे, इतके दिवस डोळे फोडून खेळलास ना? मग पुसलंस कशाला?" तो म्हणतो, "मला परत पहिल्यापासून खेळायचंय." घरातली माणसे हसतात आणि विषय तिथे संपतो. वास्तविक विचार तिथून सुरू व्हायला हवा.

ज्यांना या खेळांची ओळख नाही त्यांच्यासाठी थोडे सांगितले पाहिजे. लांबलचक खेळ एका बैठकीत पुरा होत नाही. म्हणून आपण कुठवर आलो, काय मिळवले, सोबत कोण आहे, याची नोंद यंत्रात ठेवतात. तिला 'सेव्ह' म्हणतात. जपानात १९८६ साली निघालेल्या 'ड्रॅगन क्वेस्ट' या खेळात ही सोय नव्हती. खेळ थांबवताना पडद्यावर वीस अक्षरांचा एक 'पुनरुज्जीवनाचा मंत्र' उमटे. तो कागदावर उतरून घ्यायचा आणि पुढच्या वेळी जसाच्या तसा भरायचा. एक अक्षर चुकले की केलेली सारी मेहनत पाण्यात. १९८८ सालच्या तिसऱ्या भागात मंत्र गेला आणि कार्ट्रिजच्या आतच, बॅटरीच्या आधाराने, नोंद राहू लागली. तिचे नाव 'साहसाची वही'. पण बॅटरीवरचा संसार तो! कधी काही बिघडे आणि वही कोरी होई. मग पडद्यावर तशी सूचना येई आणि बरोबर अंगावर काटा आणणारे सूर वाजत.

आपल्या जुन्या भाषेत बोलायचे तर ही नोंद म्हणजे खेळातले संचित. ते आपोआप नाहीसे झाले तर ती हानी. ते आपण होऊन पुसले तर ते कर्म. हानी झाली की माणूस हळहळतो; कर्म केले की त्याला जाब द्यावा लागतो. म्हणून बॅटरीने कोरी केलेली वही आणि हाताने कोरी केलेली वही दिसायला सारखी असली, तरी त्या एक नव्हेत.

हा जाब कोणाला द्यायचा? पहिली गोष्ट, जे पुसतो आहोत ते एकट्याचे आहे का? १९९६ साली जपानात निघालेल्या 'पोकेमॉन'च्या पहिल्या खेळांत एका कार्ट्रिजमध्ये एकच नोंद मावत असे. नव्याने आरंभ करून ती नोंद ठेवली, की जुनी गेलीच. आता दोन भावंडांत एक कार्ट्रिज आहे असे धरा. थोरल्याला नवा आरंभ हवा झाला, तर धाकटीने महिनाभर सांभाळलेले प्राणी त्याच क्षणी नाहीसे होणार. त्याचा नवा जन्म तो तिच्या घरावर नांगर फिरवूनच व्हायचा. याच खेळात दोन यंत्रे तारेने जोडून आपले प्राणी दुसऱ्याकडे पाठवण्याची सोय होती. काही मुले पुसण्याआधी आपले लाडके सोबती एखाद्या मित्राच्या खेळात नेऊन ठेवत, आणि मगच स्वतःची पाटी कोरी करत. कोणी शिकवले नव्हते त्यांना. पण आपल्या नव्या आरंभाचा भार दुसऱ्यावर पडू नये, ही समज त्यात आहे. मोठमोठ्या माणसांना घर बदलताना, गाव सोडताना ती राहत नाही.

येथे कोणी शंका काढील, "अहो, खेळ तो खेळ! धाकट्या बहिणीचं सोडा, पण त्यातले ते प्राणी नि माणसं म्हणजे पडद्यावरचे ठिपके. त्यांना ना सुख ना दुःख. ठेवलं काय नि पुसलं काय!"

शंका खरी आहे. ठिपक्यांना दुःख होत नाही, आणि होते असे सोंग आपणही आणू नये. पण पुसणारा काही ठिपका नव्हे. भातुकलीतली बाहुली भिंतीवर आपटली तर बाहुलीला लागत नाही. आपटणाऱ्या हाताला मात्र सवय लागते. प्रश्न त्या हाताचा आहे. आणि नवल असे की हा प्रश्न एका खेळानेच फार नेटका मांडला आहे.

त्या खेळाचे नाव 'अंडरटेल'. टोबी फॉक्स या अमेरिकन तरुणाने तो बहुतांशी एकट्याने रचला आणि २०१५ साली प्रसिद्ध केला. एक मूल जमिनीखालच्या राक्षसांच्या राज्यात पडते. ते राक्षस तिथे कोंडलेले आहेत. वाटेत भेटणाऱ्या प्रत्येकाला मारता येते किंवा सोडून देता येते; निवड खेळणाऱ्याची. आरंभीच टोरिएल नावाची एक प्रेमळ राक्षसीण त्या मुलाला हाताला धरून घरी नेते, त्याच्यासाठी गोड पदार्थ भाजते, आणि बाहेर धोका आहे म्हणून त्याची वाट अडवते. तिथे झुंज होते. अनेकांच्या हातून ती मरते. न मारताही पुढे जाता येते, हे त्यांना उमगलेले नसते. मग मनाला टोचणी लागते. खेळणारा खेळ बंद करतो, जुनी नोंद उघडतो, मागे जातो, आणि या खेपेस तिला जिवंत ठेवून पुढे येतो. झाले! चूक दुरुस्त झाली, कोणाला कळलेही नाही, असे त्याला वाटते.

इतक्यात फ्लॉवी नावाचे एक फूल समोर येते आणि सांगते की तू काय केलेस ते मला ठाऊक आहे. तू तिला मारलेस, मग वाईट वाटले म्हणून मागे गेलास. यंत्राची नोंद बदलली, पण खेळाने ती गोष्ट ध्यानात ठेवली होती!

येथे नीट पाहावे. टोरिएल वाचली हे चांगलेच झाले. मागे जाऊन तिला वाचवू नये असे तो खेळ म्हणत नाही. तो एवढेच म्हणतो, की तू तिला वाचवलेस म्हणून मारले नव्हतेस असे होत नाही. अनुताप आणि पुसापुशी यांत हेच अंतर आहे. अनुताप झालेला मनुष्य म्हणतो, "माझ्या हातून हे घडलं, आता असं वागेन." पुसणारा म्हणतो, "घडलंच नव्हतं." पहिल्याच्या हाती पुढचा मार्ग येतो, दुसऱ्याच्या हाती कोरी पाटी तेवढी राहते.

याच खेळात एकूण एक सर्वांना ठार मारण्याचीही वाट आहे. तिच्या शेवटी ते जगच नष्ट होते. खेळ पुन्हा सुरू केला तर काळा पडदा आणि वाऱ्याचा आवाज. सुमारे दहा मिनिटे थांबले तर अंधारातून विचारणा होते, जग परत देतो, पण बदल्यात तुझा आत्मा दे. खेळणाऱ्याने होकार दिला की जग पहिल्यासारखे उभे राहते. पण त्यानंतर तो कितीही सज्जनपणे खेळला, एकालाही न दुखवता शेवटास गेला, तरी शेवटच्या दृश्याला डाग लागतोच. संगणकावर या सौद्याची नोंद नेहमीच्या सेव्हमध्ये नसते, वेगळ्या जागी असते. साध्या रीतीने खेळ पुसून ती जात नाही. काही हुशार मंडळी ती फाईल हुडकून काढतात आणि पुसतात. पण आपण ती पुसली हे त्यांना स्वतःला ठाऊक असते, त्याचे काय करायचे?

आणि सर्वांत अवघड प्रसंग तर चांगल्या शेवटानंतर येतो. कोणालाही न मारता खेळ पुरा केला की सगळे राक्षस मुक्त होऊन उजेडात येतात. त्यानंतर खेळ उघडला तर तेच फूल विनवते, आता सगळे सुखात आहेत, त्यांना धोका उरला आहे तो एकाचाच. हे सारे पुसण्याची शक्ती ज्याच्या हाती आहे त्याचा, म्हणजे तुझा. त्यांना सुखाने राहू दे. बटण तर समोरच असते. पुसले तर कोणी अडवत नाही. पण आपली करमणूक पुन्हा व्हावी म्हणून दुसऱ्याचे पुरे झालेले सुख आपण मोडू का, हा प्रश्न दहा-बारा वर्षांच्या मुलापुढे इतक्या उघडपणे क्वचितच कोणी ठेवला असेल.

"मग काय, नव्यानं सुरुवात करूच नये?" असे कोणी विचारील. तसे मुळीच नाही. पाहिलेली वाट पुन्हा चालावी असे वाटणे हा काही दोष नव्हे. शेतकरी दर वर्षी तीच पेरणी करतो, गवई रोज तोच षड्ज लावतो. पण दुसऱ्यांदा केलेला आरंभ हा पहिल्यासारखा नसतो, हे ओळखून असावे. दरवाजाआड कोण दबा धरून आहे हे आता आपल्याला ठाऊक असते. पाटी कोरी होते, हात कोरा होत नाही. त्या शिकलेल्या हाताने जिथे मागच्या खेपेस घाई केली तिथे थांबलो, जिथे कठोर झालो तिथे मऊ झालो, तर तो नवा आरंभ सार्थकी लागला. आणि केवळ आपली नोंद निष्कलंक दिसावी, एकही हार वहीत राहू नये म्हणून पुन्हा पुन्हा पुसत बसलो, तर पुढे जाणे राहूनच जाते.

खेळाबाहेर आपण हेच करत नाही काय? भांडणानंतर मोबाइलवरचे आपलेच कठोर शब्द पुसतो, जुने फोटो काढून टाकतो, आणि ज्याला दुखावले त्यालाच वर सांगतो, "झालं गेलं विसरून जा." अहो, विसरून जा म्हणण्याचा अधिकार दुखावणाऱ्याचा नव्हे! ज्याला लागले त्याने म्हणावे, "जाऊ दे, विसरलो." दुखावणाऱ्याने मात्र लक्षातच ठेवायचे असते. दोघांनी आपापली कामे अदलाबदल केली की घरे मोडतात.

आता या पुसण्याची दुसरी बाजू पाहू, नाहीतर विचार अर्धा राहील. 'निअर ऑटोमाटा' नावाचा जपानी खेळ २०१७ साली निघाला. त्याचे दिग्दर्शक योको तारो. त्याच्या अखेरीस, खेळ रचणाऱ्यांची नावे पडद्यावर येत असतानाच, एक फार कठीण झुंज द्यावी लागते. एकट्याने ती बहुधा जमत नाही. पुन्हा पुन्हा हरल्यावर खेळ विचारतो, मदत घेशील का? हो म्हटले की अनोळखी खेळाडूंच्या नावाची छोटी याने भोवती गोळा होतात, आपल्यावरचे घाव झेलतात, आणि एकेक पडताना अमक्याची नोंद गेली असे शब्द पडद्यावर उमटतात. तेव्हा कळते, की आपण पलीकडे पोचावे म्हणून कोणीतरी आपले सर्वस्व मोडले आहे.

झुंज जिंकल्यावर मग आपल्याला विचारतात, कुठल्या तरी अनोळखी खेळाडूला मदत व्हावी म्हणून तू आपली सगळी नोंद देशील का? ज्याला मदत होईल तो तुला आवडणाराही नसेल. तुझे आभार कोणी मानणार नाही. नाही म्हणण्याची मोकळीक असते. हो म्हटले, की शस्त्रे, वस्तू, नकाशे, सारे डोळ्यांदेखत एकेक करून पुसले जाते, आणि खेळ पुन्हा पहिल्या पायरीवर येतो.

बटण तेच, कोरी पाटीही तीच. पण पहिल्या ठिकाणी माणूस आपला डाग झाकण्यासाठी पुसत होता. इथे तो आपले चांगले असलेले, कष्टाने मिळवलेले सोडतो आहे. जे नकोसे झाले ते टाकण्यात त्याग कसला? आणि येथे मोठेपणा मिरवायलाही फारशी जागा नाही, कारण दाखवण्यासारखे जे होते तेच गेलेले असते. पुसणे आणि सोडणे यांतला भेद असा करणाऱ्याच्या मनात असतो. पडद्यावर तो दिसत नाही.

म्हणून मुलाने खेळ पुसला तर हसून सोडून देऊ नये, आणि रागावूही नये. जवळ बसून विचारावे, "बाळ, हा खेळ तुझा एकट्याचाच होता ना? पुसलंस ते कंटाळून, की काही दिसायला नको म्हणून? आणि या खेपेला कोणाशी वेगळं वागणार आहेस?" त्याला उत्तरे येतील न येतील. पण विचारता विचारता आपल्यालाच आठवेल, की आपणही कुठे एखादी पाटी घाईघाईने पुसली होती, आणि ज्याचे नाव तीवर होते तो मनुष्य अजून आपल्या एका शब्दाची वाट पाहत आहे. त्याच्याकडे जायला नवा जन्म लागत नाही. आहे त्याच नोंदीवरून पुढे निघता येते.