अदृश्य प्रेक्षकाचें कर्तव्य

नांदेड जिल्ह्यांत लोहा तालुक्यांतील माळेगांव येथें मार्गशीर्षाच्या अखेरीस खंडोबाची यात्रा भरते. तेथील घोड्यागाढवांचा बाजार जितका प्रसिद्ध, तितकेच तमाशाचे फड आणि लावणी. त्या तंबूंत बसलेला मनुष्य पाहतो, तसा दिसतोहि. त्यानें तिकिटाचे पैसे मोजलेले असतात. त्याची दाद नर्तिकेच्या कानीं पडते, आणि तो अभद्र बोलला तर शेजारचा वळून पाहतो. आज तीच लावणी शेजारच्या लातुरांत, एखाद्या बंद खोलींत, मोबाइलवर फुकट पाहतां येते. कला तीच, पाहणारा मात्र अदृश्य झाला. ज्यास कोणी पाहत नाहीं, त्या प्रेक्षकावर कलावंतासंबंधीं कांहीं कर्तव्य उरतें काय?

हा प्रश्न केवळ आमच्या प्रांताचा नव्हे. इंडोनेशियांत दांगदुत नांवाचें लोकप्रिय संगीत आहे. तबल्यासारख्या वाद्याच्या बोलांवरून त्यास हें नांव पडलें, आणि आमच्या हिंदी चित्रपटगीतांचा संस्कारहि त्यावर आहे. २००३ सालीं इनुल दारातिस्ता या गायिकेच्या नृत्यावरून तेथें मोठें वादळ उठलें. दांगदुतचे अध्वर्यु रोमा इरामा यांनीं तिचा निषेध केला. तिची कीर्ति पसरली होती ती चोरून उतरविलेल्या व्हीसीडी तबकड्यांनीं. परंतु नीतीचा जाब एकट्या तिलाच विचारला गेला. घरोघरीं त्या तबकड्या पाहणाऱ्यांस कोणीं विचारला नाहीं.

कोणी म्हणेल, या पडद्यानें कलावंताचें कल्याणच केलें; ज्यांस फडांत कोणी उभें केलें नसतें, अशा खेड्यांतील मुलांनाहि प्रेक्षक मिळाला. हें आम्हांस मान्य आहे. पण २९ जून २०२० रोजीं सरकारनें टिकटॉकसह ५९ ॲपवर बंदी घातली, तेव्हां तो प्रेक्षक एका रात्रींत नाहींसा झाला. एक गांव रुसलें तर फडास दुसरें असतें. येथें आपणांस कोणीं पाहिलें, हेंच कलावंतास ठाऊक नव्हतें.

आम्हीहि अशीं चित्रणें पाहिलीं आहेत, हंसत पुढें धाडलीं आहेत. तें नृत्य कोणाचें, चित्रण तिच्या संमतीनें झालें कीं नाहीं, हें विचारलें नाहीं. दोष एकट्याचा नाहीं म्हणून तो लहान वाटतो, इतकेंच. तेव्हां आम्हीं आपणांस एक नियम घालून घेतला आहे: जो शब्द माळेगांवच्या तंबूंत तिच्या समोर उच्चारवणार नाहीं, तो खोलींत बसून लिहावयाचा नाहीं, आणि पुढील मार्गशीर्षांत तिकीट काढून, दिव्याच्या उजेडांत, तिला दिसेल असें बसावयाचें.