कोऱ्या चेहऱ्याची तसवीर

परभणीत दर फेब्रुवारीला हजरत तुराबुल हक यांचा उरूस भरतो. रंगवलेल्या पडद्यापुढे घरच्यांचा एक फोटो काढून घ्यायचा आणि तो वर्षानुवर्षे पेटीत जपायचा, हे आम्ही लहानपणी पाहिले. आज गर्दीतला प्रत्येक जण मोबाइल स्वतःकडे वळवून उभा असतो.

तसवीर जायज की नाजायज, हा आमच्या घरांतला जुना वाद. हजच्या पासपोर्टसाठी, मतदार ओळखपत्रासाठी वडीलधाऱ्यांनी ती गरज म्हणून स्वीकारली. गरजेची ती मर्यादा आता केव्हाच ओलांडली गेली. पण आमचा प्रश्न फतव्याचा नाही. तसवीर काढताना आमची नियत काय, हा आहे.

चित्रकार मकबूल फिदा हुसेन १९१५ साली पंढरपुरात जन्मले. ते जेमतेम दीड वर्षाचे असताना आई वारली. तिचा एकही फोटो नव्हता आणि चेहरा त्यांना आठवत नव्हता. पुढे मुंबईत याच हातांनी सिनेमाच्या फलकांवर नटनट्यांचे भलेमोठे चेहरे रंगवले. पण मदर तेरेसांची चित्रमालिका काढताना त्यांनी निळ्या काठाची पांढरी साडी काढली, जवळ घेतलेले मूल काढले आणि चेहऱ्याची जागा मोकळी ठेवली. चेहरा काढला असता तर ती एकाच बाईची तसवीर झाली असती. त्या मोकळ्या जागेत मात्र कुणालाही आपली अम्मी दिसू शकते.

सेल्फीला सरसकट नावे ठेवणेही आम्हाला पटत नाही. जिचा फोटो आजवर दुसऱ्यांच्या मर्जीनेच निघाला, त्या मुलीने तो स्वतः काढला तर गुन्हा काय? खंत वेगळीच आहे. स्वतःला पाहण्यात आम्ही इतके गुंतलो की दुसऱ्याकडे निरखून पाहायचे विसरलो.

आमच्या उर्दू शाळेत एकदा मुलांना सांगितले, फोटो न पाहता अम्मीचे चित्र काढा. ओढणी, बांगड्या, चूल सारे उतरले. चेहऱ्यापाशी पेन्सिली थांबल्या. एक मुलगी म्हणाली, "सर, उद्या काढते. आज घरी जाऊन नीट बघते."

हुसेन यांना बघण्याची ती संधी मिळाली नाही. आम्हाला रोज मिळते. मग आमचे कागद कोरे का?