न सापडलेला तारा

आकाशात कुणालाही कधी न दिसलेल्या, तरीही नाव मिळालेल्या एका ताऱ्याची ही हकिकत आहे. तिच्या अनुषंगाने एक जुना प्रश्न वाचकांसमोर ठेवावा, एवढाच या लेखाचा हेतू.

१९८४ साली शिकागो विद्यापीठातील डेव्हिड रॉप व जॅक सेप्कोस्की या पुराजीवशास्त्रज्ञांनी सागरी प्राण्यांच्या जीवाश्मांच्या नोंदी पडताळून एक विलक्षण निष्कर्ष मांडला. गेल्या सुमारे २५ कोटी वर्षांत पृथ्वीवरील जीवसृष्टीचे मोठे संहार साधारणतः दर २ कोटी ६० लाख वर्षांनी घडत आले, असे त्यांना आढळले. मग हे कालचक्र कोण फिरवते? त्याच वर्षी खगोलशास्त्रज्ञांच्या दोन गटांनी स्वतंत्रपणे एकच उत्तर सुचवले. आपल्या सूर्याला एक अंधूक जोडीदार तारा असावा. लांबट कक्षेतून फिरताना तो सूर्यमालेच्या सीमेवरील धूमकेतूंच्या दाट भागात शिरला की ते विचलित होत असावेत आणि त्यांतील काही पृथ्वीवर येऊन आदळत असावेत.

यांपैकी डेव्हिस, हट व मुलर यांच्या गटाने या ताऱ्याला ‘नेमेसिस’ हे नाव दिले. नेमेसिस ही उन्मत्त व गर्विष्ठ जनांचा पिच्छा पुरवून त्यांना शासन करणारी ग्रीक देवता. पर्याय म्हणून त्यांनी काली व इंद्र यांची आणि अजगराचा वध करणाऱ्या संत जॉर्जचीही आठवण केली होती. स्टीव्हन जे गूल्ड या शास्त्रज्ञाला मात्र नेमेसिस हे नाव रुचले नाही. नेमेसिस अपराध पाहून दंड करते. परंतु संहारात नष्ट झालेल्या प्राण्यांनी कोणता अपराध केला होता? म्हणून त्याने ‘शिव’ हे नाव सुचवले. आक्षेप नावापुरता दिसला, तरी तो मर्मावर बोट ठेवणारा होता.

पुढे या ताऱ्याचा शोध झाला. अमेरिकेच्या ‘वाइज’ उपग्रहाने २०१० साली अवरक्त किरणांच्या साहाय्याने संपूर्ण आकाश न्याहाळले. २०१४ साली त्या निरीक्षणांवर आधारलेला अभ्यास प्रसिद्ध झाला. सूर्य व पृथ्वी यांमधील अंतराच्या २६ हजार पटींपर्यंत गुरूएवढा कोणताही अज्ञात ग्रह त्यात आढळला नाही. मग त्याहून कितीतरी मोठ्या ताऱ्याची गोष्ट दूरच. संहाराच्या त्या कालचक्राविषयीही शास्त्रज्ञांत एकमत नाही. पुरावा मिळाला नाही, तेव्हा बहुतेकांनी ती कल्पना बाजूला ठेवली. यात विज्ञानाची एक प्रामाणिक शिस्त आहे.

तारा मावळला, परंतु नेमेसिस आपल्या मनातून मावळली आहे का?

गुरुदीक्षेनंतरच्या पहिल्याच पावसाळ्यात मी एका शोकाकुल घरी गेलो होतो. घरातला तरुण मुलगा बुडून गेला होता. त्याच्या आईने विचारले, “फादर, ही कशाची शिक्षा?” सेमिनरीतून नुकत्याच बाहेर पडलेल्या मला मौन धरणे जमले नाही. मी म्हणालो, “मावशी, देवाच्या न्यायाला काहीतरी कारण असतेच.” त्यानंतर कित्येक महिने त्या माउलीने कम्युनियन घेतले नाही. आपल्या कोणत्या पापामुळे लेकरू गेले, ते तिला सापडत नव्हते. आणि सापडत नाही म्हणून ती स्वतःला अधिकच दोषी मानत होती. मी तिच्या आकाशात एक नेमेसिस टांगून आलो होतो.

माणसाला असे का वाटते? कारण विनाकारण आलेले दुःख असह्य असते. शेजाऱ्यावरील संकट ही त्याच्या पापाची शिक्षा असे म्हटले की आपण सुरक्षित ठरतो. आणि स्वतःच्या संकटात स्वतःला दोषी मानले की निदान जगाला काही हिशेब आहे, एवढा आधार उरतो.

प्रेषितांच्या कृत्यांतील माल्टा बेटाचा प्रसंग आठवावा. संत पौलाच्या हाताला साप डसला, तेव्हा लोकांनी त्याला खुनी ठरवले. तो मेला नाही, तेव्हा त्यांनी त्यालाच देव मानले. निवाडा बदलला, निवाडा करण्याची घाई बदलली नाही. प्रभू येशूने मात्र ही घाई नाकारली. जन्मांधाविषयी शिष्यांनी पाप कुणाचे असे विचारले, तेव्हा त्याने अंधालाही दोष दिला नाही आणि त्याच्या आईवडिलांनाही नाही. शिलोहाचा बुरूज कोसळून मेलेली १८ माणसे इतरांपेक्षा अधिक पापी होती, हेही त्याने अमान्य केले.

याचा अर्थ पापाला परिणामच नाही, असा नव्हे. दारूने घर बुडते, लबाडीने विश्वास जातो; परंतु तेथे कारण व कार्य यांचा धागा डोळ्यांना दिसतो. जेथे तो दिसत नाही तेथे कल्पनेने तो विणणे, हे श्रद्धेचे नव्हे, भीतीचे काम आहे. शिलोहाच्या मृतांना दोषमुक्त करून प्रभूने ऐकणाऱ्यांनाच पश्चात्तापाचे आवाहन केले, हेही विसरता कामा नये. दुसऱ्याच्या संकटाकडे पाहून मी एकाच माणसाचे अंतःकरण तपासू शकतो, ते म्हणजे माझे. त्या उपदेशाला लागूनच अंजिराच्या झाडाचा दृष्टान्त येतो. धनी झाड तोडायला सांगतो. माळी एका वर्षाची मुदत मागतो आणि मुळांभोवती खणून खत घालण्याचे वचन देतो. शोकाच्या घरी आपण न्यायाधीश म्हणून जावे की माळी म्हणून, याचे उत्तर त्यातच आहे.

त्या माउलीकडे मी पुन्हा गेलो. तिची क्षमा मागितली आणि बराच वेळ नुसता बसून राहिलो. काही रविवारांनंतर ती वेदीपाशी आली.

ज्याला शास्त्रज्ञांनी शोधले, तो शासन करणारा तारा सापडला नाही. जो तारा आपणा सर्वांना रोज दिसतो, तो सूर्य. आणि पर्वतावरील प्रवचनात प्रभूने पित्याच्या प्रीतीची खूण म्हणून त्याच्याकडेच बोट दाखवले, कारण तो दुष्टांच्या आणि सज्जनांच्या अंगणात सारखाच उगवतो.