समासातली अक्षरं

पावसाळा सरला की खडवलीच्या आमच्या घरी पोथ्यांना ऊन दाखवावं लागतं. भातसा नदीची ओल भिंतीतून थेट कपाटात शिरते. आजोबांची ज्ञानेश्वरी अंगणात उघडली की मी ओव्यांपेक्षा समासातच जास्त रमतो. आजीला वाचता यायचं, पण जुने शब्द अडायचे. तिच्यासाठी आजोबांनी पेन्सिलीने बारीक अक्षरांत लिहून ठेवलंय, ‘आपल्याकडे याला अमुक म्हणतात.’

यंदा ती अक्षरं पाहताना पोलंडमधल्या क्राकूवचे रब्बी, म्हणजे ज्यू धर्मगुरू, मोशे इस्सरलीस आठवले. सोळाव्या शतकातले हे विद्वान ज्यू धर्मशास्त्रावर मोठा ग्रंथ लिहीत होते. तेवढ्यात योसेफ कारो यांचा त्याच वाटेवरचा ग्रंथ त्यांच्या हाती आला. आपण ज्यासाठी रात्री जागवल्या, ते दुसऱ्याने आधीच करून ठेवलेलं! इस्सरलीस खचले, आणि तसं त्यांनी लिहूनही ठेवलं. मग कारोंनी जे घेतलं नव्हतं, तेवढंच मांडायचं त्यांनी ठरवलं.

पुढे 1565 साली कारोंचा ‘शुल्हान आरुख’ व्हेनिसमध्ये छापला गेला. नावाचा अर्थ, मांडून ठेवलेलं मेज. पण त्या मेजावर पोलंड-जर्मनीकडच्या ज्यूंच्या रीती फारशा नव्हत्या. इस्सरलीस यांनी त्यावर टिपा लिहिल्या आणि त्यांना नाव दिलं ‘हामप्पा’, म्हणजे मेजावर अंथरायचं कापड. कारोंचं म्हणणं पटलं नाही तिथे त्यांनी स्पष्ट विरोध केला; पुन्हा पुन्हा लिहिलं, आमच्या प्रांतात रीत अशी आहे. 1572 साली ते गेले. त्यांच्या टिपा आजही कारोंच्या मजकुरातच, वेगळ्या वळणाच्या अक्षरांत छापतात. दोघांना सोडवून वाचताच येत नाही.

खडवलीहून लोकलने ठाण्याला गेलो, की टेंभी नाक्याजवळचं 1879 सालचं सिनेगॉग पाहून मला याच जातीचा आणखी एक माणूस आठवतो. कोकणातले ज्यू, म्हणजे बेने इस्रायल, कित्येक पिढ्या रब्बीवाचून राहिले. हिब्रू विसरली, पण शनिवारी घाणा बंद ठेवायचा हे विसरले नाहीत. गावाने त्यांना ‘शनवार तेली’ म्हटलं. त्यांच्यातले जोसेफ इझिकेल राजपूरकर (1834-1905) मुंबईत डेव्हिड ससून यांच्या शाळेचे मुख्याध्यापक होते. हिब्रू प्रार्थना मराठीत आणण्यात त्यांनी हयात घालवली. शाळा सांभाळून केलेलं हे काम मला फार मोठं वाटतं, कारण घरातल्या बाईमाणसाला आपण देवाशी काय बोलतो आहोत ते त्यामुळे कळू लागलं. 1874 साली पुण्यात शिळाप्रेसवर छापलेल्या मराठी हग्गादाच्या, म्हणजे वल्हांडण सणाच्या पोथीच्या, चित्रात तर वल्हांडणाची भाकर करणाऱ्या बायका चक्क आपल्यासारख्या लुगड्यात, जमिनीवर बसलेल्या आहेत.

ऊन कललं तसं पोथी बांधायला घेतली. एका पानावर आजोबांनी लिहिलं होतं, ‘म्हणजे शेताचा बांध.’ त्याखाली दुसऱ्या, जरा थरथरत्या हाताने: ‘आमच्या कुडाळला मेर म्हणतात.’