दस्ता, देह आणि अधिकार

छऱ्यांच्या बंदुकीला रायफलीसारखी मागची नेमखाच सहसा नसते. नळीच्या टोकावर एक बारीक माशी असते, आणि तिच्याशी जुळवायची मागची खूण म्हणजे नेमबाजाचा स्वतःचा डोळा. बंदूक खांद्याला लागली आणि गाल दस्त्यावर टेकला की तो डोळा नळीच्या बरोबर मागे, ठरलेल्या उंचीवर आपसूक यावा लागतो, कारण लक्ष्य म्हणून उडवलेल्या चकतीवर लक्ष असताना डोके हलवून नेम दुरुस्त करायला अवधी मिळत नाही. हा डोळा जागेवर आणण्याचे काम दस्ता करतो. दस्ता म्हणजे खांद्याला टेकणारा बंदुकीचा लाकडी भाग, बहुधा अक्रोडाच्या लाकडाचा. आणि तो नेमबाजाच्या अंगाला बेतून देणे हे बंदूककारांच्या परंपरेत स्वतंत्र कौशल्य मानले गेले आहे.

या बेतण्यात चार मापे मुख्य असतात. चापापासून दस्त्याच्या मागच्या टोकापर्यंतचे अंतर ही त्याची लांबी. नळीच्या रेषेपासून दस्त्याची वरची कड किती खाली आहे हा उतार. उजव्या किंवा डाव्या खांद्याप्रमाणे दस्ता बाजूला किती वळवला आहे हा बाक. आणि खांद्याला टेकणाऱ्या टोकाचा तिरपेपणा हा कल. कारखान्यातून येणाऱ्या बंदुकीची लांबी साधारण साडेचौदा इंचांच्या जवळपास असते, म्हणजे ती सरासरी पुरुषाच्या हाताला धरून ठरवलेली असते. आखूड हाताच्या माणसाला, बहुतेक स्त्रियांना आणि डावखुऱ्यांना ती जशीच्या तशी बसत नाही, आणि न बसणाऱ्या बंदुकीचा धक्का गालावर आणि दंडावर बसतो. फरक किती सूक्ष्म असतो हे एका गणितावरून कळते. दस्त्याची वरची कड इंचाच्या सोळाव्या भागाने उंच केली तर छऱ्यांचा पुंजका १६ यार्डांवर सुमारे १ इंच वर सरकतो आणि ४० यार्डांवर तोच फरक अडीच इंच होतो. अशा वेळी नेम चुकला असे बाहेरून दिसते आणि दोष माणसाच्या नजरेला किंवा एकाग्रतेला दिला जातो. प्रत्यक्षात चूक लाकडात असते.

साधनाने माणसाच्या मापाला यावे की माणसाने साधनाच्या, हा प्रश्न या कारागिरीत उघडपणे विचारला जातो. बाकीच्या जगात तो बहुधा विचारलाच जात नाही, आणि न विचारता त्याचे उत्तर माणसाच्या विरुद्ध दिले जाते. तो प्रश्न धर्मविचाराचा आहे, कारण भारतीय परंपरेने त्याला फार पूर्वी एक नाव दिले आहे: अधिकार. येथे अधिकार याचा अर्थ सत्ता असा नाही, तर एखादा मार्ग पेलण्याची पात्रता असा आहे. कोणताही वेदान्तग्रंथ आरंभी चार गोष्टी स्पष्ट करतो, त्यांना अनुबंधचतुष्टय म्हणतात: ग्रंथ कोणासाठी आहे, कशाविषयी आहे, ग्रंथाचा आणि विषयाचा संबंध काय आणि त्यापासून काय साधायचे. या चारांत अधिकारी, म्हणजे ग्रंथ ज्याच्यासाठी आहे तो, पहिला आहे. उपदेश किती खरा आहे हे पाहण्याआधी तो कोणाला सांगायचा आहे हे पाहावे, असा हा क्रम आहे. आणि कर्म, उपासना व ज्ञान हे मार्ग वेगवेगळ्या वृत्तींच्या माणसांसाठी वेगवेगळे सांगितले गेले ते याच विचारातून.

बीड जिल्ह्यातील अंबाजोगाईला या विचाराच्या इतिहासात मोठे स्थान आहे. मुकुंदराजांची समाधी येथे मानली जाते, आणि त्यांचा ‘विवेकसिंधु’ हा अद्वैत वेदान्त मराठीत मांडणारा आद्य ग्रंथ परंपरेने शके १११०, म्हणजे इ.स. ११८८ चा समजला जातो. त्याच्या काळाविषयी अभ्यासकांत मतभेद आहेत, परंतु त्याचे महत्त्व त्या मतभेदांवर अवलंबून नाही. जे ज्ञान संस्कृतात बंद होते ते श्रोत्याच्या बोलीत आणणे, म्हणजे सिद्धांत न बदलता त्याची मूठ बदलणे होय. चारशे वर्षांनंतर त्याच गावात दासोपंतांनी (१५५१–१६१५) पंचीकरण, म्हणजे पाच महाभूतांच्या मिश्रणातून स्थूल देह कसा घडतो हा वेदान्तातला किचकट विषय, एका लांबलचक पासोडीवर, कापडावर, सुमारे १६०० ओव्यांत लिहून काढला. तत्त्वज्ञान पोथीच्या आकारातच मावले पाहिजे असा आग्रह त्यांनी धरला नाही, ही गोष्ट अंबाजोगाईच्या अभिमानाची आहे आणि तिचा अभिमान वाटायलाच हवा.

तरीही अधिकाराच्या कल्पनेला एक काळी बाजू आहे, आणि ती झाकून हा विचार पुढे नेता येत नाही. अधिकाऱ्याची लक्षणे म्हणून विवेक, वैराग्य, शमदमादी सहा गुण आणि मोक्षाची तळमळ ही चार साधने सांगितली आहेत; त्यांत जन्माचा उल्लेख नाही, ती सगळी माणसाच्या आत मोजायची मापे आहेत. परंतु ब्रह्मसूत्राच्या पहिल्या अध्यायातील अपशूद्राधिकरणात, आणि त्यावरील शंकराचार्यांच्या भाष्यात, वेदाध्ययनातून ज्ञान मिळवण्याचा अधिकार शूद्राला नाकारला आहे. इतिहास-पुराणांची वाट त्याला मोकळी ठेवली असली तरी ही वाट त्याची वृत्ती पाहून दिलेली नाही, जन्म पाहून दिलेली आहे. अशा रीतीने एकाच परंपरेत दोन प्रकारची मापे शेजारी शेजारी नांदली: एक माणसाला जवळ घेऊन, त्याच्याकडे पाहून घेतलेले, दुसरे तो येण्यापूर्वीच ठरवून ठेवलेले. दोन्हींना अधिकार असेच म्हटले गेल्यामुळे दुसऱ्याचा अन्याय पहिल्याच्या शहाणपणाआड लपला. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी १९३६ च्या ‘जातिसंस्थेचे निर्मूलन’ या निबंधात जातिव्यवस्था ही श्रमाची विभागणी नसून श्रमिकांची विभागणी आहे असा जो युक्तिवाद केला, त्याचा घाव नेमका या दुसऱ्या मापावर आहे. काम माणसाच्या कुवतीवरून आणि आवडीवरून न ठरता त्याच्या जन्माआधीच ठरत असेल, तर त्याला योग्यता म्हणणे हा शब्दाचा गैरवापर ठरतो.

महाभारतातील एकलव्याची कथा या दोन मापांच्या संघर्षाची कथा म्हणून वाचता येते. द्रोणांनी त्याला शिष्य म्हणून नाकारले ते त्याचे जन्ममूळ पाहून. त्याने स्वतःच्या अंगाने आणि अभ्यासाने जी पात्रता मिळवली ती त्यांनी नंतर डोळ्यांनी पाहिली. अशा वेळी माप बदलायचे की माणूस बदलायचा, एवढेच दोन पर्याय होते. आचार्यांनी माप कायम ठेवले आणि अंगठा मागितला. पुढे तो उरलेल्या बोटांनी बाण सोडू लागला, पण त्यात पूर्वीची चपळाई राहिली नाही, असे कथा सांगते. व्यवस्थेशी न जुळणाऱ्या देहाचा जुळत नसलेला भाग काढून टाकणे, आणि त्याला दक्षिणा हे पवित्र नाव देणे, ही कृती त्या कथेबरोबर संपलेली नाही.

बीड जिल्ह्यात ती अगदी अलीकडे घडली. बालाघाटच्या डोंगररांगांतील कमी पावसाच्या गावांमधून दरवर्षी दसरा-दिवाळीच्या सुमारास लाखो माणसे पश्चिम महाराष्ट्रात आणि कर्नाटकात ऊसतोडीला जातात. मजूर नेणाऱ्या मुकादमाचा हिशेब कोयत्यात चालतो: नवरा-बायकोची जोडी मिळून एक कोयता, एकटा माणूस अर्धा कोयता. उचल, म्हणजे हंगामाआधी दिलेली आगाऊ रक्कम, या कोयत्यांवर दिली जाते आणि ती फिटेपर्यंत जोडीने फडात, म्हणजे तोडीच्या शेतात, राहायचे असते. एखाद्या दिवशी काम बुडाले तर तो खाडा धरला जातो आणि त्याची रक्कम जोडीच्या हिशेबातून वळती होते. पाळी, गरोदरपण, बाळंतपण, पोटदुखी यांना या हिशेबात जागा नाही. फडाजवळच्या खोप्यांत न्हाणीघर नाही, शौचालय नाही, पुरेसे पाणी नाही, आणि उसाची मोळी डोक्यावर घेऊन गाडी भरायचे काम पहाटेही असते आणि रात्रीही. २०१९ साली राज्य शासनाने विधान परिषदेच्या तत्कालीन उपसभापती नीलम गोऱ्हे यांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमली, तेव्हा बीड जिल्ह्यात पाहणी झालेल्या ८२,३०९ ऊसतोड स्त्रियांपैकी १३,८६१ स्त्रियांचे गर्भाशय काढलेले आढळले. म्हणजे जवळपास दर ६ स्त्रियांमागे एक. देशात १५ ते ४९ वयोगटातील स्त्रियांमध्ये हे प्रमाण ३ टक्क्यांच्या आसपास आहे. ज्या तक्रारींवर साध्या औषधोपचाराने भागले असते तेथेही कर्करोगाची भीती घालून शस्त्रक्रिया झाल्याचे अनेक स्त्रियांनी सांगितले. पण भीती मुळाशी असली तरी तिला बळ दिले ते खाड्याने. पाळी थांबली की खाडा थांबतो, हे गणित फडाने शिकवले. देह कामाच्या मापाला कापला गेला.

साधनानेच माणसाच्या मापाला यावे या निष्कर्षावर एक गंभीर आक्षेप आहे आणि तो धर्मपरंपरेतूनच येतो. साधक स्वतःला वळवतो, व्रते घेतो, उपास करतो, वारीत उन्हापावसात चालतो. गीता स्वधर्म सोडू नये असे सांगते. मग माणसाने स्वतःला बदलणे हाच धर्म नव्हे काय? या आक्षेपाचे उत्तरही नेमबाजीच्या कारागिरीत सापडते. बंदूक खांद्याला लावण्याची रीत ज्याची स्थिर झालेली नाही, जो दर वेळी गाल वेगळ्या ठिकाणी टेकवतो, त्याच्या दस्त्याचे माप घेता येत नाही. म्हणून चांगला बंदूककार नवशिक्याला आधी सराव करायला सांगतो. शिस्त मापाच्या आधी येते, हे खरे आहे. परंतु ती शिस्त नेमबाज स्वतः स्वीकारतो, ती त्याची शक्ती वाढवते, आणि हवी तेव्हा सोडता येते. उपास सोडता येतो, वारी पुढच्या वर्षी चुकवता येते. गर्भाशय परत येत नाही. स्वीकारलेले आणि लादलेले, परत फिरवता येण्याजोगे आणि कायमचे, या दोन भेदांवर तपश्चर्या आणि अंगच्छेद यांच्यातील सीमारेषा उभी आहे, आणि जो धर्मविचार ही रेषा पाहत नाही तो क्रौर्याला तपाचे नाव देण्याच्या वाटेवर असतो.

नीट बसलेले साधन वापरताना विसरले जाते, हे जर्मन तत्त्वज्ञ हायडेगर यांनी १९२७ च्या आपल्या मुख्य ग्रंथात हातोड्याच्या उदाहरणाने दाखवले. छऱ्यांची बंदूक शिकवणारेही हेच सांगतात की नजर चकतीवर असावी, माशीवर नाही. मात्र साधन विसरले जाणे ही त्या साधनाची पूर्णता आहे, लक्ष्य योग्य असल्याची खात्री नव्हे. म्हणूनच कायद्याने याच प्रश्नाची उलट बाजू हाती घेतली आहे: १९५९ च्या शस्त्र अधिनियमानुसार परवाना देताना माणूस शस्त्राला योग्य आहे काय हे पाहावे लागते. डिसेंबर २०२४ मध्ये बीड जिल्ह्याच्या केज तालुक्यातील मस्साजोगच्या सरपंचांची हत्या झाल्यानंतर जिल्ह्यातील शस्त्रपरवान्यांची फेरतपासणी झाली आणि अनेक परवाने रद्द झाले, तेव्हा ही पाहणी आधी किती काटेकोर होती हा प्रश्न जिल्ह्याने स्वतःला विचारला. खंडेनवमीला शस्त्रांची आणि अवजारांची पूजा करणाऱ्या समाजाला तो प्रश्न परका वाटू नये.

बंदूककाराच्या कामाचा क्रम येथे लक्षपूर्वक पाहण्यासारखा आहे. तो आधी माणसाला उभे करून मापे घेतो. मग लांबी-उतार बदलता येणाऱ्या चाचणीच्या बंदुकीवर ती तपासतो. चुना लावलेल्या पत्र्यावर बार काढून छरे कोठे पडतात ते पाहतो. दस्ता आखूड असेल तर रबराची गादी लावतो, बाक हवा असेल तर लाकूड तापवून हळूहळू वळवतो. करवत तो सगळ्यात शेवटी उचलतो, कारण कापलेले लाकूड पुन्हा जोडता येत नाही, आणि ती उचलतो तीही लाकडावर. ऊसतोडीच्या कामाला हा क्रम लावला तर पहिली पायरी काय असेल हे सांगायला तत्त्वज्ञ लागत नाही: फडाजवळ पाणी आणि शौचालय, पाळीच्या आणि बाळंतपणाच्या दिवसांना खाड्यातून सूट, मोळीच्या वजनाला मर्यादा, आणि जोडीऐवजी प्रत्येक व्यक्तीच्या नावाने मजुरी. २०१९ च्या प्रकरणानंतर खासगी रुग्णालयांना गर्भाशय काढण्यापूर्वी जिल्हा शल्यचिकित्सकांची परवानगी घेणे बीड जिल्ह्यात आवश्यक करण्यात आले. तो नियम शस्त्रक्रियेवर लक्ष ठेवतो; मुकादमाच्या वहीतील खाड्याच्या रकान्यापर्यंत तो पोचत नाही.